कडेपलीकडचा पाट

पद्मावती पेटीवर बसली ती बसलीच. पुष्पक्कांनी दोनदा गोड बोलून पाहिलं, एकदा दंडाला धरून उठवून पाहिलं आणि शेवटी कमरेवर हात ठेवून तिच्यासमोर उभ्या राहिल्या. बाहेर फाटकापाशी रिक्षा थांबली होती. रिक्षावाला मंजुनाथ अधूनमधून हॉर्न दाबून आपण अजून आहोत हे कळवत होता.

"ऊठ गे पद्मा. दुपारी अमावास्या लागते. त्याच्या आत पेटी रवीकडे पोचायला हवी."

"लागू दे की."

"लागू दे काय? अमावास्येला गोंबे घराबाहेर काढतात होय?"

"नाही ना काढत? मग राहू देत इथंच."

पुष्पक्कांच्या डोक्यात आता लख्ख प्रकाश पडला. ही बाई पंचांग मानणारी नव्हे. उभा जन्म शाळेत भौतिकशास्त्र शिकवलं, ग्रहण लागलं की मुद्दाम पोरांना अंगणात बोलावून चिवडा वाटला. आणि आज त्याच पंचांगाच्या जोरावर ती पेटीवर ठाण मांडून बसली होती. तिला फक्त दुपारपर्यंत बसून राहायचं होतं.

पेटीत दसऱ्याचे गोंबे होते. येलहंक्याच्या जुन्या गावातल्या या घरात नवरात्रात बाहुल्या मांडायची चाल कैक पिढ्यांची. शहाजीराजांच्या मागून इकडे आलेल्या मराठी घरांनी इथल्या मातीतलं जे जे आपलं केलं, त्यात हे गोंबे सगळ्यांत लाडके. पायऱ्यांवर देव, वाणी, बँडवाले, हत्ती, आणि सगळ्यांत वर पट्टद गोंबे, म्हणजे रक्तचंदनाची राजाराणी. ही जोडी लेकीला माहेराहून मिळते आणि पहिल्या दिवशी ती सवाष्णीने मांडायची असते. पद्मावतीचा नवरा त्रिविक्रम गेल्या वर्षी आषाढात गेला. तेव्हा पेटी उघडलीच नाही. यंदा वर्षश्राद्ध झालं होतं, त्यामुळे सणाला हरकत नव्हती. हरकत होती ती पद्मावतीच्या हातांना.

त्रिविक्रमची थोरली बहीण पुष्पावती, म्हणजेच पुष्पक्का, आणि मुलगा रविकिरण यांनी फोनवर ठरवून टाकलं, की यापुढे गोंबे एचएसआर लेआउटच्या फ्लॅटमध्ये बसतील आणि सून सुप्रीता ते मांडील. पद्मावतीला हे कळवण्यात आलं. विचारण्यात आलं नव्हतं.

मांडीवरचा फोन वाजला. रविकिरणच होता.

"अम्मा, सुप्रीतानं हॉलमधला टीव्हीसुद्धा हलवलाय. तू ये ना इकडे. नऊ दिवस राहा, आरामात बसून बघ."

"बसून बघायला मी पाहुणी आहे का रे?"

"तसं नव्हे. लोक बोलतात अम्मा."

"बोलू देत. मी काय त्यांच्या घरी जाऊन मांडतेय?"

तिने फोन पालथा ठेवला. पुष्पक्कांनी एक खुर्ची ओढली आणि गुडघ्याला गुडघा लागेल इतक्या जवळ बसल्या.

"स्पष्टच सांगते. तुझ्या हातानं हे आता चालत नाही. मला काय हे बोलायला बरं वाटतं? माझा भाऊ गेलाय."

"माझाही नवरा गेलाय अक्का. हात शाबूत आहेत."

 दारातून मंजुनाथने डोकं आत घातलं.

"अम्मा, होगोदा, बेडवा?"

जायचं की नाही, एवढंच त्याला हवं होतं. "बेडप्पा," पद्मावती म्हणाली, आणि तो पुष्पक्कांच्या तोंडाकडे बघायलाही न थांबता निघून गेला. थोड्या वेळात अमावास्या लागली. पद्मावती पेटीवरून उठली. तिचे पाय इतके आखडले होते, की तिला पेटीचाच आधार घ्यावा लागला, आणि तो घेताना तिला आपण जिंकलो असं मुळीच वाटलं नाही.

"ठीक आहे," पुष्पक्का म्हणाल्या. "मीही अमावास्येला प्रवास करत नाही. इथंच राहते. गोंबे लोकांनी येऊन बघायचे असतात, खोलीत कोंडून नव्हे. नवरात्र संपायच्या आत एक जरी बाहेरची सवाष्ण उंबरा ओलांडून आत येऊन बसली, तर मी तोंडातून शब्द काढणार नाही. नाही आली तर पेटी सुप्रीताकडे. कायमची."

"सरी," पद्मावती म्हणाली. "कायमची."

मल्लेश्वरमला पुष्पक्कांचे यजमान नऊ दिवस डब्यावर राहणार हे त्या एका शब्दाने ठरलं. पुष्पक्कांचे वडील म्हणत, या घरात बायका एकाच माळेचे मणी. एक हटली तर दुसरीला चुकल्यासारखं होतं.

दुसऱ्या दिवशी पद्मावतीने बैठकीच्या खोलीतलं सगळं सामान मागच्या पडवीत नेऊन टाकलं. चिकपेटहून आणलेलं काळं अस्तराचं कापड तिने चारही भिंतींवर ताणून लावलं, मधल्या खोलीच्या दारावरही तेच सोडलं. पुष्पक्का स्तोत्राचं पुस्तक उघडून बसल्या होत्या आणि एक ओळ वाचून झाली की एकदा वर बघत होत्या.

"पायऱ्या कुठायत?"

"यंदा पायऱ्या नाहीत."

"गोंब्यांना पायऱ्या नाहीत?"

"नाहीत."

पायऱ्यांच्या बाजूला दर वर्षी काहीतरी देखावा करायचा, हे पद्मावती आणि त्रिविक्रमचं लग्नानंतरचं वेड. कधी सूर्यमाला, कधी शेततळं, एकदा तर चालणारी पाणचक्की. तो विमानाच्या कारखान्यात ड्राफ्ट्समन होता. मोजमाप त्याचं, बडबड हिची. शेवटच्या देखाव्याचं नुसतं बोलणंच झालं. विषय तिने काढला होता: माणसाला दिसतं तेवढं विश्व. ते करायला सोपं होतं. भांडण झालं ते कडेवरून. दिसतं त्याच्या पलीकडे काय दाखवायचं?

ती म्हणाली होती, पलीकडेही असंच असणार, चांदण्या चिकटवू. तो नाही म्हणाला. ती म्हणाली, मग तुमच्या नकाशात असते तशी तुटक रेघ काढू. त्यावर त्याने चष्मा कपाळावर चढवून तिला शिकवणी दिली: जी कड आहे, पण या बाजूने दिसत नाही, ती तुटक रेघेने काढतात. म्हणजे ती आहे हे पक्कं ठाऊक असावं लागतं. तुला आहे का ठाऊक? नाही ना? मग तुटक रेघसुद्धा काढता येत नाही. ती चिडून आत निघून गेली होती. नंतर बोलू म्हणून राहिलं, आणि नंतर आषाढ आला. एका सकाळी पेपर उचलायला वाकलेला त्रिविक्रम फाटकापाशीच कोसळला. त्या भांडणात आपली बाजू बरोबर होती की त्याची, हे तिला अजून उलगडलं नव्हतं, आणि आता उलगडून तरी कोणाला सांगायचं, या विचाराने ती कधीकधी भर दुपारी स्वयंपाकघरात उभी राहून रडत असे.

नवरात्राच्या पहिल्या दिवशी, पाडव्याच्या सकाळी तिने खोलीच्या बरोबर मध्यावर एक पाट ठेवला आणि त्याच्याभोवती विटा, डबे, चौरंग लावून रिंगणं केली. पाटाच्या सर्वांत जवळ तिने नवे गोंबे ठेवले: गेल्या खेपेचे चन्नपट्टणचे लाकडी ससे, प्लास्टिकची स्कूटरवाली बाई. त्याच्या बाहेर लग्नानंतर घेतलेले. त्याच्याही बाहेर सासूबाईंचे. त्यांतलेही सगळ्यांत जुने भिंतीलगत, काळ्या कापडाला टेकून: सोंड तुटलेला हत्ती, रंग उडालेले बँडवाले, पुढ्यात इवल्या पोत्यांचं दुकान मांडून बसलेली वाण्याची जोडी.

"आईचं सगळं कोपऱ्यात टाकलंस," पुष्पक्का म्हणाल्या. त्यांचा आवाज चिरकला होता.

"टाकलं नाही अक्का. जितकं लांब बघावं तितकं जुनं दिसतं. उजेडाला यायला वेळ लागतो ना. आज आपल्याला दिसणारा एखादा तारा कदाचित शहाजीराजांच्या वेळचा असतो. त्याहून लांबचं, त्याहून जुनं. कडेला सगळ्यांत जुनं."

पुष्पक्कांना हे पटलं नाही. पण आईचे गोंबे अडगळीत टाकले नसून मुद्दाम लांब बसवलेत एवढं त्यांच्या कानांनी घेतलं. मग पद्मावतीने फडक्यात गुंडाळलेली राजाराणी काढली. तिच्या आजीची जोडी. आईने लग्नात दिलेली. तिने राजाला नवं उपरणं पांघरलं, राणीला चोळीच्या खणाचा तुकडा. पुष्पक्कांनी तेवढ्यापुरती पाठ फिरवली. पाहिलं नाही त्याचा दोष लागत नाही, असं काहीतरी त्यांनी मनाशी जमवलं असावं. पण परत वळल्यावर जे दिसलं त्याने त्या उठूनच उभ्या राहिल्या.

"राजाराणी वाण्याच्या शेजारी? जमिनीवर?"

"आजीची आहेत. जुनी. म्हणून कडेला."

"पट्टद गोंब्याच्या वर कोणी बसत नाही पद्मा!"

"कोणी बसलेलं नाहीच. इथं वर-खाली नाही. जवळ आणि लांब, एवढंच आहे."

आता पुष्पक्कांनी आपली पिशवी उघडली. मल्लेश्वरमहून येतानाच त्यांनी जपून आणलेला शेषशायी विष्णू त्यांनी कापसातून काढला. मातीचा, वीतभर लांब, त्यांच्या आईने त्यांना दिलेला.

"बरं. इथं नाही वर-खाली. या काळ्याच्या पलीकडे काय आहे?"

"ठाऊक नाही."

"मग मी सांगते. पलीकडे वैकुंठ आहे. पडद्याआड याला ठेव. लोक विचारतील तेव्हा सांगता येईल. तुझं शास्त्रही राहील आणि देवही."

"नाही ठेवायचा."

"का?"

"मला ठाऊक नाही तिथं मी कोणालाच बसवणार नाही."

"देवालासुद्धा?"

"देवालासुद्धा."

"मग माझा भाऊ कुठं आहे?"

हा प्रश्न त्या वर्षभर कोणाला ना कोणाला विचारायच्या बेतात होत्या. तेरा दिवस भटजींना विचारता आला नाही, यजमानांना विचारला तर ते टीव्हीचा आवाज कमी करून पुन्हा बघत बसले. आता तो हातात शेषशायी धरून बाहेर पडला.

"ठाऊक नाही," पद्मावती म्हणाली.

"शाळेत सगळं ठाऊक असायचं तुला. सगळ्या येलहंक्याला शिकवलंस. एवढं एक सांगता येत नाही?"

"एक सांगायचं म्हणून खोटं सांगू?"

"सांग! काय बिघडतं?" पुष्पक्का ओरडल्या, आणि हुंदका आवरत स्वयंपाकघरात गेल्या. त्या दिवशी घरात दोन चुली झाल्या. एकीने सारू केलं, दुसरीने नुसतं ताक घेतलं.

दुपारी पद्मावती आतल्या बाजेवर पडली होती. झोप नव्हती. पुष्पक्का पावलं न वाजवता तिच्यासमोरून गेल्या, हातात शेषशायी. त्यांनी हळूच मधल्या खोलीचा दरवाजा ढकलला. त्या खोलीचं दुसरं दार म्हणजेच बैठकीतला काळा पडदा. पद्मावती कुशीवर वळली. उठून अडवायचं तिच्या मनात आलं आणि तसंच विरलं. गुपचूप वैकुंठ बसवायला निघालेल्या बाईला तिने जाऊ दिलं. अशा वेळी काय करतात हे तिलाही कुठं ठाऊक होतं?

बराच वेळ काही आवाज आला नाही. वायुदलाचं विमान छपरावरून गेलं, खिडकीची तावदानं थरथरली आणि गप्प झाली. मग पुष्पक्का परत आल्या. शेषशायी त्यांच्या हातातच होता.

"आत पाट कशाला ठेवलायस?"

"बसायला."

"कोणी?"

"असलं कोणी तर त्यानं."

"म्हणजे कोणी आहे म्हणतेस."

"नाही म्हणत. असलं तर, म्हणतेय." पद्मावती उठून बसली. "अक्का, जानेवारीत इथं धुकं पडतं तेव्हा तुम्ही दुधाला जायच्या आठवतं? आपल्याभोवती रिंगणाएवढंच दिसतं. पुढं चाललं की रिंगण आपल्याबरोबर चालतं. नाक्यावरच्या दूधवाल्यालाही त्याच्याभोवती तसंच रिंगण दिसत असतं. धुक्याला भिंत नसते. कड असते ती आपल्या नजरेची. म्हणून पाट ठेवला. आपण बसतो तो काही सगळ्याचा मध्य नाही."

पुष्पक्का बाजेच्या कडेवर टेकल्या.

"मी बसले त्याच्यावर," त्या म्हणाल्या. "पडद्याच्या फटीतून हत्तीची पाठ दिसली. बाकी काळोख."

"हो."

"आणि तिकडून बघणाऱ्याला आपण?"

"आपण त्याच्या कडेपलीकडे."

"तिकडचा उजेड इकडे कधी पोचतो?"

"काही ठिकाणचा पोचेल पुढंमागं. काही ठिकाणचा कधीच नाही पोचणार. मधली जागाच पसरत चाललीय, उजेडाला न आवरण्याएवढी."

"निघालेला असूनसुद्धा?"

"निघालेला असूनसुद्धा."

पुष्पक्कांनी शेषशायीच्या पायाशी बसलेल्या लक्ष्मीवरची धूळ अंगठ्याने पुसली. मग त्या म्हणाल्या, "म्हणजे तिकडच्यालाही ठाऊक नसणार. आपण कुठं गेलो ते."

पद्मावती वैकुंठाला उत्तर द्यायच्या तयारीत होती, पापपुण्यालाही होती. हे तिसऱ्याच बाजूने आलं.

"मी यांच्याबद्दल बोलत नव्हते अक्का."

"मी बोलतेय."

मग दोघी रडल्या. वर्षभर एकीने रडायचं आणि दुसरीने पाण्याचा पेला आणून द्यायचा असंच चाललं होतं. पाणी आणायला कोणीच उरलं नाही अशी ही पहिलीच वेळ. रडून झाल्यावर पुष्पक्कांनी पदराने तोंड पुसलं, बैठकीत गेल्या आणि शेषशायी विष्णूला भिंतीलगतच्या रिंगणात, वाण्याच्या जोडीपलीकडे ठेवलं.

"आईचाच आहे. जुना," त्या कोणी न विचारता म्हणाल्या. "पैज मात्र तशीच आहे हं."

पैजेचं लक्षण काही ठीक नव्हतं. संध्याकाळी गल्लीतल्या मुली घोळक्याने आल्या. "री, गोंबे कूरसिद्दीरा?" गोंबे बसवलेत का, असं फाटकातूनच ओरडल्या आणि उत्तराची वाट न बघता आत शिरल्या. पाटावर बसायला त्यांची मारामारी झाली. पडद्याआड जाऊन आलेली प्रत्येक जण बाहेर येऊन पुढचीला सांगे, "आत काहीच नाही, पाट आहे," आणि तरी पुढची जाऊन बघून येई. पण त्यांच्या आया आल्या नाहीत. येणाऱ्यांसाठी केलेल्या कोसंबरीचं, म्हणजे डाळीच्या कोशिंबिरीचं, पातेलं दर रात्री अर्धं उरे. दिवस जात होते. फाटकाबाहेरून नटलेल्या बायका एकमेकींशी बोलत जात आणि या घरासमोर आल्या की त्यांचं बोलणं नेमकं रंगात येई. रविकिरणचा रोज फोन येई. अष्टमीला तो म्हणाला, "अम्मा, दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी गाडी घेऊन येतो. पेटीही नेऊ." पद्मावतीने बरं म्हटलं. शब्द दिला होता. त्या रात्री तिला जेवण गेलं नाही.

नवमीच्या संध्याकाळी वासंतक्का आल्या. समाजाच्या महिला मंडळाच्या या अध्यक्ष. कोणाच्या घरी जायचं आणि कोणाच्या नाही, हे मंडळात कोणी ठरवत नसे. वासंतक्का कुठं जातात ते बघत, एवढंच. त्या गेल्या की बाकीच्या मागोमाग. भरजरी साडी, हातात नारळ, आणि पाय मात्र उंबऱ्याच्या बाहेर.

"पुष्पक्का, तुम्ही इथं आहात ते कळलं," त्या म्हणाल्या. "म्हटलं भेटून जावं. यंदा इथले... कोणी मांडले?"

पुष्पक्का दारापाशीच वेताच्या मोड्यावर बसल्या होत्या. "मी मांडले" एवढे दोन शब्द त्या बोलल्या असत्या तरी भागलं असतं. पद्मावतीने त्यांच्याकडे पाहिलंही नाही.

"हिनं," पुष्पक्का म्हणाल्या. "तिच्या माहेरची जोडी आहे. तीच मांडणार."

वासंतक्कांनी नारळ या हातातून त्या हातात घेतला. त्या काही दुष्ट बाई नव्हत्या. वर्षापूर्वी याच घरी रोज डबा पाठवणाऱ्या त्याच होत्या. आत यायचं त्यांच्या मनात होतं, फक्त यायला एखादं निमित्त हवं होतं, आणि ते त्यांनी गल्लीतल्या पोरींकडून मिळवूनही आणलं होतं.

"मुली सांगत होत्या, काळ्या पडद्यामागं काहीतरी केलंय म्हणे. वैकुंठ केलंय ना? मग काय, देवाच्या दर्शनाला कोणाच्याही घरी जाता येतं. कोण काय बोलणार?"

पद्मावतीने हो म्हटलं की झालं. नुसती मान हलवायची होती. पेटी राहिली असती, पुढच्या वर्षी मांडता आलं असतं, त्याच्या पुढच्याही. पडद्यामागचा पाट रिकामाच होता, शेषशायी उचलून त्याच्यावर ठेवायला कितीसा वेळ? वासंतक्का हसून वाट बघत होत्या.

"नाही वासंतक्का," ती म्हणाली. "तिथं वैकुंठ नाही केलेलं."

"मग काय आहे तिथं?"

यावर पद्मावती बोलायच्या आत मोडा करकरला. पुष्पक्का उठून उभ्या राहिल्या होत्या.

"ठाऊक नाही," पुष्पक्का म्हणाल्या.

"म्हणजे?"

"म्हणजे ठाऊक नाही. दिसतं ते सगळं आम्ही मांडलंय. त्याच्या पलीकडे काय ते आम्हा दोघींना ठाऊक नाही."

वासंतक्का गोंधळल्या. मग आवाज खाली आणून, अगदी मायेने म्हणाल्या, "असं कसं बोलता पुष्पक्का? आपले त्रिविक्रमण्णा..."

"त्याचंही ठाऊक नाही." पुष्पक्का म्हणाल्या. "मला हवं होतं ठाऊक असायला. फार हवं होतं. पण नाही. आणि ऐकून ठेव वासंती, पलीकडे काही नाही असं कोणी म्हणत आलं तर त्याला मी या घरात घेणार नाही. आणि पलीकडे काय आहे ते मला पक्कं ठाऊक आहे म्हणत आलं, तर त्याला ही घेणार नाही."

"अहो, मग तुमच्याकडे यायचं तरी कोणी?"

"ज्याला ठाऊक नाही त्यानं," पद्मावती म्हणाली.

फाटकाबाहेर मंडळातल्या दोघीतिघी रेंगाळत उभ्या होत्या आणि इकडेच बघत होत्या. वासंतक्कांनी एकदा त्यांच्याकडे पाहिलं. मग खोलीच्या मध्यावरच्या रिकाम्या पाटाकडे पाहिलं, त्याच्याभोवतीच्या सशांकडे, स्कूटरवाल्या बाईकडे, लांब भिंतीशी वाण्याच्या शेजारी बसलेल्या राजाराणीकडे, आणि त्यांच्यामागच्या काळ्या कापडाकडे. तिथं त्यांची नजर बराच वेळ थांबली. त्यांचे यजमान घर सोडून गेले होते, कुठं ते त्यांनाही ठाऊक नव्हतं, पण मंडळात कोणी तसं बोलत नसे. ते दुबईला मुलाकडे असतात, असंच सगळ्या म्हणत, आणि वासंतक्काही तसंच सांगत आल्या होत्या.

त्यांनी नारळ पुष्पक्कांच्या हातात दिला. मग दाराच्या चौकटीला धरून, वाकून, त्यांनी चपलेचा बंद सोडला.